पायातली माणसं

काका, मला वाचवा.

पुण्यात वाढलेल्या पोराला हे तीन शब्द बाराखडीच्या आधी पाठ होतात. मलाही झाले होते. चौथीत असताना शाळेची सहल शनिवारवाड्यात गेली. बाईंनी रांगेनं दिल्ली दरवाज्यातून आत नेलं. दरवाज्यावरचे अणकुचीदार खिळे दाखवले. कारंज्याचा कोरडा हौद दाखवला. मग आवाज खाली आणून गोष्ट सांगितली. साल १७७३, ऑगस्टची ३० तारीख, गणपतीचे दिवस. अठरा वर्षांचा नारायणराव पेशवा पुढं पळतोय, गारदी मागं. चिठ्ठीतल्या 'धरावे'चं कुणीतरी 'मारावे' केलेलं. पोरगं काकाला मिठी मारून ओरडलं आणि तिथंच खलास झालं. बाई म्हणाल्या, पौर्णिमेच्या रात्री ती हाक अजून ऐकू येते.

आम्ही पोरं टरकलो. घरी आल्यावर आजीला सगळं रंगवून सांगितलं. आजी भाकरी थापत होती. मान वर न करता तिनं विचारलं, "एकटाच वरडतोय व्हय रं तिथं? आन् बाकीचं?"

"बाकीचं कोण?"

"पायात घातलेली."

आजी एवढंच बोलली. भाकरी उलटली आणि गप्प बसली. मी लहान होतो. मला वाटलं, म्हातारीला गोष्ट समजली नाही. समजली नव्हती ती मला, हे कळायला पुढं वीस वर्षं गेली.

दोस्तहो, आजीनं ते पदरचं सांगितलं नव्हतं. एका पोरीनं ते फार आधी लिहून ठेवलंय. तिचं नाव मुक्ता साळवे. मांगाची पोर, वय चौदा, जोतीराव-सावित्रीबाईंच्या शाळेत तीन वर्षं शिकलेली. १८५५ सालच्या 'ज्ञानोदय'मध्ये, १५ फेब्रुवारी आणि १ मार्च अशा दोन अंकांत, मांग-महारांच्या दुःखाविषयीचा तिचा निबंध छापून आला. ती म्हणते, आम्हाला हाकून देऊन ह्यांनी मोठमोठ्या इमारती बांधल्या आणि त्या इमारतींच्या पायांत आमचीच माणसं तेलशेंदूर पाजून पुरली. ती म्हणते, बाजीरावाच्या राज्यात तालीमखान्यासमोरून मांग किंवा महार गेला तर त्याचं डोकं उडवायचे, आणि गुलटेकडीच्या मैदानात तलवारीचा दांडू नि मुंडक्याचा चेंडू करून खेळायचे. ती म्हणते, आमच्या बाया बाळंत होतात तेव्हा घरावर छप्परसुद्धा नसतं.

बघा, चौदा वर्षांच्या पोरीनं दोन हप्त्यांत अख्ख्या पुण्याचा नकाशा काढून दिला. वर इमारत. खाली गाडलेला माणूस. वेशीबाहेर पावसात भिजणारी बाळंतीण. आजवर ह्या शहरावर ढिगानं पुस्तकं निघाली. पेठा कशा वसल्या, वाडे कुणी बांधले, कुठल्या वाड्याला किती चौक. इतका खरा नकाशा मी त्यांच्यात पाहिला नाही.

आणि गुलटेकडी? आज तिथं मार्केट यार्ड आहे. पहाटे गूळ, कांदा, बटाट्याच्या ट्रका लागतात. पाठीवर पोतं घेतलेले हमाल पळत असतात. त्यातले किती आपले आहेत ते तुम्हाला माहीत आहे. ज्या जमिनीवर आपली डोकी घरंगळली असं मुक्ता सांगते, त्याच जमिनीवर आपल्या पाठी आज वाकल्यात. मी कित्येक वेळा तिथनं गेलोय. पायाखाली काय आहे हे ठाऊक झाल्यापासून चालताना पाय अडखळतो.

आता सदाशिवपेठी विद्वान चष्मा पुसत विचारतील : पुरावा काय? एका पोरीच्या निबंधाला इतिहास म्हणायचं का?

बरोबर आहे. विचारा. आम्ही प्रश्नाला भीत नाही. मुक्तानं लिहिलेलं अक्षरन् अक्षर तसंच घडलं होतं की तोंडातोंडी आलेल्या दहशतीत काही मिसळलं होतं, हे इतिहासकारांनी जरूर तपासावं. पण मग एकच माप लावा. पेशवाई बुडाली १८१८ ला. मुक्तानं लिहिलं १८५५ ला. मधे फक्त ३७ वर्षं. दुसऱ्या बाजीरावाचं राज्य अंगावर काढलेली माणसं तेव्हा जिवंत होती, तिच्या आळीत बसून विड्या ओढत होती. तिनं त्यांच्या तोंडून ऐकलं. ही साक्ष आहे. आणि नारायणरावाच्या हाकेला पुरावा काय? खून झाला याचे कागद आहेत, रामशास्त्र्यांचा न्याय आहे. पण पौर्णिमेच्या हाकेचा कागद कुठल्या दप्तरात आहे? 'ध चा मा' ही तर दंतकथाच. तरी ती शाळेत शिकवता, नाटकांत घालता, परगावच्या पाहुण्याला वाड्यात नेऊन ऐकवता. तिथं पुरावा मागत नाही. कारण ते भूत तुमचं आहे. आमचं भूत आलं की त्याला आधी दाखला लागतो.

पेशवे दप्तरात मोडीतल्या कागदांचे हजारो रुमाल बांधून ठेवलेत. ज्यांच्या हातात टाक होता त्यांनी आपला हिशेब लिहिला. ज्याच्या गळ्यात गाडगं त्याच्या हातात टाक येणार कुठून? लाहोरच्या परिषदेसाठी बाबासाहेबांनी १९३६ साली जातिनिर्मूलनाचं भाषण लिहिलं. ते भाषण होऊ दिलं नाही, म्हणून त्यांनी ते छापलं. त्यात पुण्याचा दाखला आहे : अस्पृश्यानं थुंकीसाठी गळ्यात मडकं बांधायचं आणि स्वतःची पावलं पुसायला कमरेला झाडू लावायचा. सकाळ-संध्याकाळ सावल्या लांब पडतात, म्हणून सकाळी नऊच्या आधी आणि दुपारी तीननंतर वेशीच्या आत येऊ नये, असंही नोंदलेलं आहे. म्हणजे ह्या शहरात सूर्यसुद्धा सनातनी होता. वेस नुसती दगडाची नव्हती, उन्हाचीही होती.

आमच्याकडं ह्या पायाची कथा फक्त पुण्याची नाही. पुरंदरच्या शेंद्र्या बुरुजाची आख्यायिका सासवडकडं म्हातारी माणसं सांगतात. बुरूज टिकेना. मग महाराच्या घरातला नाथनाक आणि त्याची बायको देवकाई पायात जिवंत गाडली, तेव्हा बुरूज उभा राहिला. बुरुजाचं नाव शेंद्र्या आणि मुक्ताच्या निबंधात तेलशेंदूर. आख्यायिका म्हणून सोडून द्यायची तर द्या. पण एक विचारतो. ज्या समाजात बुरूज टिकावा म्हणून माणूस गाडल्याची कथा तयार होते, आणि त्या कथेत गाडलेला माणूस दर वेळी महारामांगाचाच निघतो, त्या समाजाबद्दल ती कथा काहीच सांगत नाही?

जात ही मनात असते असं काही भले लोक म्हणतात. मन सुधारा, जात जाईल. मी म्हणतो जुन्या पुण्यात जाऊन बघा, जात चुन्या-विटांत घातलेली आहे. वाड्याला पुढून दिंडी दरवाजा, मग देवडी, मग चौक, मग देवघर. जसजसे आत तसतसं सोवळं घट्ट. आणि मागच्या बाजूला अंधारा बोळ. कशाला? टोपलीच्या संडासाचा मैला उचलणारी बाई त्या बोळातनं यावी, बोळातनंच जावी, कुणाच्या नजरेला पडू नये म्हणून. वाडा बांधणाऱ्याच्या डोक्यात ती बाई पहिल्या दिवसापासून होती. तिची वाट आधी आखली, मग भिंती चढल्या. आज हौसेनं वाडे दाखवायला नेतात. गणेशपट्टी दाखवतात, सुरूचे खांब दाखवतात, जोत्याचा काळा दगड दाखवतात. तो बोळ दाखवत नाहीत. साल्यांनो, वाडा समजायचा तर बोळातनं आत शिरा.

पाण्याचंही तसंच. नानासाहेब पेशव्यानं कात्रजच्या तळ्यापासून जमिनीखालनं दगडी नळ घालून शहरात पाणी आणलं, ठिकठिकाणी हौद बांधले. अभियंते अजून त्याचं कौतुक करतात. करावं, काम बघण्यासारखं आहे. पण कौतुक करताना एक वाक्य पुढं जोडा : त्या हौदांवर आम्हाला भरू देत नव्हते. ह्या शहरात आमच्यासाठी हौद खुला केला जोतीराव फुल्यांनी, आपल्या घरचा, १८६८ मध्ये, त्या वेळच्या गंज पेठेत. कात्रजच्या नळाचं पाणी शहरभर फिरलं आणि आमच्या घशापर्यंत पोचलं नाही. एका माळ्याच्या घरातला हौद पोचला. दोन्ही हौद आजच्या पुण्यात आहेत. कुठला मोठा ते तुम्ही ठरवा.

मग पर्वती. नानासाहेबानंच १७४९ मध्ये देवदेवेश्वराचं देऊळ बांधलं. पायथ्याला रमणा, जिथं श्रावणात ब्राह्मणांना दक्षिणा वाटायचे. १०३ पायऱ्या. पुण्यातली अर्धी तब्येत ह्या पायऱ्यांवर कमावलेली. पहाटे ट्रॅकसूट घालून चढणाऱ्या माणसाला विचारा, १३ ऑक्टोबर १९२९ ला इथं काय झालं? शिवराम जानबा कांबळे आणि पां. ना. राजभोज ह्यांच्या पुढारपणाखाली अस्पृश्यांनी देऊळप्रवेशाचा सत्याग्रह केला. वरून दगड आले, सत्याग्रही रक्तबंबाळ झाले, देवळाची दारं बंद राहिली. सत्याग्रह तीन महिने चालला. हे शिवराम जानबा कोण? कॅम्पातला बटलर. नोकरी करून १९०८ मध्ये 'सोमवंशीय मित्र' काढणारा, लष्करात आमची भरती पुन्हा सुरू करा म्हणून सरकारकडं अर्ज नेणारा माणूस. बाबासाहेबांच्या आधीची आपली पिढी. त्याच सत्याग्रहात काकासाहेब गाडगीळ आणि एस. एम. जोशीही होते, हेही सांगतो. ब्राह्मण होते आणि आपल्या बाजूनं उभे राहिले. भिडेवाड्यात १८४८ साली मुलींच्या शाळेला जागा देणारे भिडेही ब्राह्मणच. आपलं भांडण ब्राह्मण्याशी आहे. जो बाजू बदलतो त्याचं नाव आपण पुसत नाही. पुसापुशी हा त्यांचा धंदा.

पर्वतीच्या खाली उतरलं की आंबिल ओढा लागतो. हा ओढा पूर्वी शहराकडं जायचा. पेशवाईत बांध घालून त्याला वळवलं, पर्वतीखाली तळं केलं. त्या तळ्याच्या जागी आज सारसबाग आहे, तिथं लोक संध्याकाळी भेळ खातात. वळवलेल्या ओढ्याच्या काठाला पुढं कोण राहायला गेलं? दुसरीकडं कुठं जागा मिळेना ते. दांडेकर पुलाची वस्ती बघा. २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री ओढ्याला पूर आला, भिंती फुटल्या, माणसं वाहून गेली. आणि २४ जून २०२१ ला, कोरोना चालू असताना, भर पावसाळ्यात, पोलिसांच्या बंदोबस्तात जेसीबी आले आणि ओढ्याकाठची घरं पाडायला लागले. बाया रस्त्यावर आडव्या झाल्या. कोर्टाची स्थगिती आली तोवर कित्येकांची भांडीकुंडी चिखलात गेली होती. काय कारण? ओढ्याची वाट सरळ करायची आणि जागा विकसित करायची. अडीचशे वर्षांपूर्वी शहराला सोयीचं म्हणून ओढा वळवला. आता पुन्हा सोयीचं म्हणून वळवायचा. दोन्ही वेळा वर राहणाऱ्याची सोय आणि खाली राहणाऱ्याचा संसार. मुक्ताची छप्पर नसलेली बाळंतीण आठवा. १८५५ आणि २०२१ मध्ये नेमका कुठं फरक आहे, मला बोट ठेवून दाखवा.

म्हणून मी म्हणतो, शहर विसरत नाही. ते निवडून आठवतं. १८९७ सालचंच बघा. प्लेगचं साल. २२ जूनला गणेशखिंडीच्या रस्त्यावर चाफेकर बंधूंनी रँडला गोळी घातली. हे पोरासोरांना ठाऊक. त्याच प्लेगात, त्याच्या तीन महिने आधी, १० मार्चला सावित्रीबाई गेल्या. मुंढव्याच्या महारवाड्यातलं तापानं फणफणलेलं पोर पाठीवर टाकून त्यांनी दवाखान्यात आणलं, आणि तोच रोग त्यांना लागला. एकाच प्लेगातले दोन प्रसंग. एक बंदुकीचा, एक पाठीवरच्या पोराचा. बंदुकीचा धडा आम्ही शाळेत पाठ केला. पाठीवरच्या पोराचा धडा चळवळीच्या सभेत ऐकला. गणेशखिंडीच्या विद्यापीठाला सावित्रीबाईंचं नाव लागायला २०१४ साल उजाडलं. ११७ वर्षं!

पुतळ्याचीही तीच गत. १९२४ मध्ये मंडईत टिळकांचा पुतळा बसला. पुढच्याच वर्षी जेध्यांनी नगरपालिकेत जोतीरावांच्या पुतळ्याचा विषय काढला, तर केवढा गहजब झाला! ज्यानं शहराला शाळा दिल्या त्याचा पुतळा नको. त्या रागातून दिनकरराव जवळकरांनी 'देशाचे दुश्मन' लिहिलं, खटला झाला, शिक्षा झाल्या, आणि अपिलात बाबासाहेब वकील म्हणून उभे राहून त्यांना सोडवून आले. आता गंमत ऐका. त्या मंडईलाच पुढं महात्मा फुले मंडई म्हणू लागले. आणि जोतीराव नगरपालिकेत सभासद होते तेव्हा त्यांनी ह्याच बाजाराच्या इमारतीवर पैसा घालायला विरोध केला होता. त्यांचं म्हणणं होतं, तो पैसा गरिबांच्या शिक्षणाला लावा. म्हणजे माणूस जिवंत असताना त्याचं ऐकायचं नाही, मेल्यावर पुतळा नाकारायचा, आणि शेवटी त्यानं नको म्हटलेल्या इमारतीला त्याचं नाव द्यायचं. हे त्यांचं आठवणं. ह्यापेक्षा विसरले असते तर कमी अपमान झाला असता.

आणि भिडेवाडा! बुधवार पेठेत, दगडूशेठ गणपतीच्या समोर. देशी माणसांनी मुलींसाठी काढलेली पहिली शाळा १८४८ ला तिथं भरली. दुसऱ्या बाजीरावाचा विश्रामबागवाडा डागडुजी करून, रंगरंगोटी करून उभा आहे. भिडेवाड्याचं मात्र छप्पर खचत गेलं, वासे कुजत गेले, खाली दुकानं चालू राहिली, कोर्टात तारखा पडत राहिल्या. २०२३ च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयात निकाल लागला आणि डिसेंबरात एका रात्रीत वाडा जमीनदोस्त झाला. स्मारकासाठी. शाळा सुरू झाल्याला बरोबर १७५ वर्षं झाली होती. दुसऱ्या दिवशी मी तिथं गेलो. पत्रे लावलेले, मागं मातीचा ढीग. समोर गणपतीला रांग. मला आनंद व्हायला हवा होता. इतकी वर्षं आपण हीच मागणी करत होतो. पण छातीत काहीतरी रुतलं. सरदारांचे वाडे जपून ठेवायचे असतात आणि आमचे पाडून नवे बांधायचे असतात. जपायच्या लायकीचा राहीपर्यंत तो कुणी जपलाच नाही. नवं स्मारक कितीही देखणं झालं तरी ज्या जिन्यावरनं त्या पहिल्या पोरी वर गेल्या, तो जिना आता येणार नाही.

इथं थांबून आपल्या पोरांशी दोन शब्द बोलायचेत. राग आला तर येऊ द्या.

त्यांनी निवडून आठवलं, हे खरं. मग आपण काय करतो? १ जानेवारीला भीमा कोरेगावला लाखोंनी जातो. जायलाच पाहिजे. १९२७ च्या १ जानेवारीला बाबासाहेब तिथं उभे राहिले. २०१८ ला आपल्यावर दगड पडले तरी पुढच्या वर्षी आपण पुन्हा गेलो. आदल्या संध्याकाळी, ३१ डिसेंबर २०१७ ला, शनिवारवाड्याच्या पटांगणात एल्गार परिषद झाली. त्यानंतरच्या खटल्यात माणसं वर्षानुवर्षं तुरुंगात पडली, आणि म्हातारे स्टॅन स्वामी ५ जुलै २०२१ ला जामिनाची वाट बघत कैदेतच गेले. त्या वाड्यासमोर तोंड उघडायची किंमत काय पडते हे आपल्याला ठाऊक आहे. पण कोरेगावच्या खांबापुढं फोटो काढणाऱ्या पोराला मी विचारतो, पर्वतीचा सत्याग्रह कधी झाला? गप्प. मुक्ता साळवे कोण? गप्प. 'मांगांची ना ती?' असं एकजण म्हणाला. दोस्ता, हा जो 'ना ती' आहे, तो पेशवाईचा तुकडा आहे आणि तो तुझ्या तोंडात आहे. तिनं निबंध लिहिला तेव्हा मांग-महार एका दमात म्हटलं. तिनं दुःखाच्या दोन वाटण्या केल्या नाहीत. पायात गाडताना त्यांनीही जात विचारून वेगवेगळे खड्डे खणले नसतील. मग आपण जयंत्या का वाटून घेतल्या? अण्णाभाऊ त्यांचे, बाबासाहेब आमचे, आणि मेहतर वस्तीला दोन्हीकडनं आमंत्रण नाही. बोळातनं येणारी ती बाई आपल्याही मिरवणुकीत मागंच राहिली.

आणि जयंतीला काय करतो? वर्गणी, मंडप, भिंत हादरेल इतका डीजे. पुतळा अजून उंच पाहिजे. मी पुतळ्याच्या विरोधात नाही. जिथं आपल्याला वेशीत घेत नव्हते तिथं भर चौकात बाप बोट दाखवून उभा आहे, ह्याची किंमत मला कळते. पण पुतळा चौकात उभा करून आपण शहर मोकळं सोडलं. बाकीच्या भिंती, पायऱ्या, हौद, दरवाजे त्यांच्या गोष्टी सांगत राहिले. आपल्या वाट्याला एक चौथरा आला आणि आपण खूश झालो.

माझं म्हणणं सरळ आहे. शनिवारवाडा पाडा असं मी म्हणणार नाही. कुणी म्हटलं तर मी आडवा येईन. गुन्ह्याची जागा पाडली तर पंचनामा कशाचा करणार? ७ जून २०२० ला इंग्लंडातल्या ब्रिस्टल शहरात गुलामांचा व्यापार करणाऱ्या कोलस्टनचा पुतळा लोकांनी ओढून पाण्यात टाकला. तो राग मला समजतो. पण मला अमेरिकेतल्या माँटगोमेरीचं काम जास्त जवळचं वाटलं. ज्या काळ्या माणसांना जमावानं ठार मारलं त्यांचं स्मारक तिथं २०१८ मध्ये उघडलं. चार हजारांहून जास्त नावं पोलादात कोरलीत. आणि जिथं जिथं माणूस मारला तिथली माती गावच्या लोकांनी स्वतः खणून बरण्यांत भरली, बरणीवर माणसाचं नाव आणि तारीख घातली. बरण्यांची रांगच्या रांग. कुठली माती तांबडी, कुठली काळी. आपण आपल्या संघटनेचं नाव त्या काळ्या पँथरांवरून घेतलं. नावाबरोबर ही रीतही घेऊ या.

तेव्हा मागणी अशी. एक : दिल्ली दरवाज्याशी मराठी, हिंदी, इंग्रजी अशा तीन भाषांत मोठी पाटी लागली पाहिजे, की ह्या वाड्यातून राज्य चालत होतं तेव्हा ह्या शहरात अस्पृश्यांनी काय भोगलं. नारायणरावाच्या खुनाशेजारीच लावा. त्याच्या मरणाबद्दल आम्हाला राग नाही. अठरा वर्षांचं पोर कुणाचंही असो, त्याच्या किंकाळीला आम्ही हसत नाही. दोन : गुलटेकडीला मुक्ता साळवेचा अख्खा निबंध दगडात कोरा. तिचं वाक्य गाळू नका, मऊ करू नका. तीन : पर्वतीच्या पहिल्या पायरीशी १९२९ च्या सत्याग्रहाची तारीख आणि सत्याग्रहींची नावं ठळक लावा. चार : शाळेच्या सहली शनिवारवाड्यातनं निघून थेट जोतीरावांच्या हौदापर्यंत चालत गेल्या पाहिजेत. अंतर फार नाही. पोरांचे पाय दुखणार नाहीत. पाच : आंबिल ओढ्याच्या माणसाला आहे त्याच ठिकाणी पक्कं छप्पर द्या. हे पाचवं कलम मी मुद्दाम शेवटी ठेवलं. ते झालं नाही तर आधीच्या चार पाट्या म्हणजे नुसती रंगरंगोटी, आणि त्या आम्हीच उखडू.

सरकार किंवा महापालिका हे देईपर्यंत हातावर हात ठेवून बसायचं नाही. १५ फेब्रुवारी हा मुक्ताचा निबंध छापून आला तो दिवस. त्या दिवशी मांगवाड्यातली, महारवाड्यातली, मेहतर वस्तीतली पोरं-पोरी एकत्र निघू. प्रत्येकाच्या हातात एक मडकं. गुलटेकडीची माती, पर्वतीच्या पायथ्याची माती, आंबिल ओढ्याची माती, भिडेवाड्याच्या जागेची माती, फुलेवाड्याच्या अंगणातली माती त्यात भरू आणि शनिवारवाड्याच्या दरवाज्यासमोर मांडून ठेवू. जेवढी वस्ती तेवढी मडकी. घोषणा नको, डीजे नको. एका मुलीनं उभं राहून तो निबंध पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत वाचायचा. बास. ती मुलगी साधारण चौदा वर्षांची असावी.

आजी आता नाही. ती असती तर मी तिला रिक्षात घालून घेऊन गेलो असतो. तिनं विचारलं असतं, "कोण वरडतंय रं?"

मी म्हटलं असतं, "बाकीचं."